मंगल दिवसातील एक मुहूर्त
(ट्रस्टच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत दिलेले भाषण)



सिंधुदुर्गाच्या या किनाऱ्यावर आपला समाज संख्येने लहान आहे. कोणी व्यापाराच्या निमित्ताने गुजरात-राजस्थानातून आले, कोणी घाट उतरून कोल्हापूर-बेळगावकडून आले. खारेपाटणचे जुने जैन मंदिर मात्र सांगते, की या भूमीशी जैन धर्माचे नाते काल-परवाचे नाही. अशा विखुरलेल्या कुटुंबांना एकत्र आणणारे प्रसंग तीन : पर्युषण, कोणाचे देहावसान आणि कोणाचे लग्न. पहिल्या दोन प्रसंगी कसे वागावे हे आपल्याला परंपरेने नीट शिकवले आहे. तिसऱ्या प्रसंगी आपण अलीकडे थोडे गोंधळलो आहोत, असे मला वाटते. म्हणून ‘विवाह-संस्कार’ या दिलेल्या विषयातला एक छोटा, पण सर्वांच्या घरातला प्रश्न आज आपल्यापुढे ठेवतो. लग्नाचा दिवस ज्यांच्यासाठी असतो, त्या दोघांच्या वाट्याला तो येतो का?

समाजातील नवविवाहित जोडप्यांशी बोलण्याचा योग अनेकदा येतो. लग्नाला वर्ष-दोन वर्षे झाली, की त्या दिवसाविषयी ती मोकळेपणाने बोलू लागतात. आनंद झाला हे सर्वच सांगतात. पण आणखी थोडे विचारले, की सूर बदलतो. सकाळपासून पोटात काही नव्हते. जेवायला बसलो तेव्हा आचारी भांडी आवरत होता. तीन तास मंचावर उभे राहून गाल दुखले. आजी लांबच्या गावाहून केवळ आपल्यासाठी आली होती, पण तिच्याजवळ दोन मिनिटे बसणे झाले नाही. लग्नाला कोण कोण आले, हे अल्बम आल्यावर कळले. आणि सर्वांत मोलाची गोष्ट अशी, की ज्याच्याशी वा जिच्याशी जन्माची गाठ बांधली, त्या व्यक्तीशी दिवसभरात चार वाक्येही बोलता आली नाहीत.

ही तक्रार क्षुल्लक नाही. ज्या विधीला आपण संस्कार म्हणतो, तो ज्याच्यावर होतो त्याचे चित्त तेथे असावे लागते. वरवधू उपाशी, थकलेली आणि छायाचित्रकाराच्या सूचनांकडे कान लावून असतील, तर मंत्र उच्चारले जातात, पण संस्कार कोणावर होतो?

हे पूर्वी असे नव्हते, असे म्हणून मी जुन्या काळाचे गोडवे गाणार नाही. त्या काळातील लग्नांत मुलीला विचारण्याची पद्धत नव्हती. बालविवाह सर्रास होत. १८९९ मध्ये स्थापन झालेल्या दक्षिण भारत जैन सभेला बालविवाहासारख्या रूढींविरुद्ध समाजाला वारंवार जागे करावे लागले. आजची वधू शिकलेली आहे, स्वतःच्या संमतीने बोहल्यावर चढते. हा मोठा धर्मलाभ आहे आणि तो कोणत्याही किमतीत सोडायचा नाही.

परंतु जुन्या मांडवात एक गोष्ट होती, ती समजून घेण्यासारखी आहे. या किनाऱ्यावर मांडव झावळांचा असे आणि तो वाडीतली माणसे घालत. गडगनेराच्या जेवणांपासून पाचपरतावनापर्यंत कार्य कित्येक दिवस चाले. वऱ्हाड आगबोटीने किंवा पुढे एस. टी.ने येई आणि आल्यावर लगेच परत फिरणे शक्यच नसे. त्यामुळे भेटीगाठींना वेळ मिळे. मुहूर्ताच्या दिवशी सर्वांना एकदम भेटण्याचे ओझे वरवधूंवर नसे. २६ जानेवारी १९९८ रोजी कोकण रेल्वेचा संपूर्ण मार्ग खुला झाला, ९ ऑक्टोबर २०२१ रोजी चिपीच्या विमानतळाचे उद्घाटन झाले. प्रवास सुकर झाला याचा आनंदच आहे. पण येणारा आता सकाळी येतो आणि संध्याकाळी परततो. पूर्वी कित्येक दिवसांत विभागलेले सारे सोहळे, साऱ्या भेटी, सारे मानपान आपण एका दिवसात कोंबले. दिवस मात्र तेवढाच राहिला. तो ज्यांच्या वाट्यातून कापला गेला, ती माणसे म्हणजे वर आणि वधू.

आपल्या आगमांत एका लग्नाची कथा आहे. उत्तराध्ययन सूत्राच्या बाविसाव्या अध्ययनात ती येते आणि आपण सर्वांनी ती लहानपणापासून ऐकलेली आहे. बाविसावे तीर्थंकर अरिष्टनेमी राजीमतीशी विवाह करण्यासाठी थाटामाटाने निघाले. वाटेत त्यांना कोंडलेल्या, भयभीत प्राण्यांचा आक्रोश ऐकू आला. त्यांनी सारथ्याला विचारले, हे प्राणी का कोंडले आहेत? सारथी म्हणाला, आपल्याच विवाहात अनेकांच्या भोजनासाठी. ते ऐकून त्यांनी अंगावरील कुंडले व अलंकार उतरवून सारथ्याला दिले आणि पुढे रैवतक पर्वताची, म्हणजे गिरनारची वाट धरली. राजीमतीनेही पुढे तोच मार्ग स्वीकारला.

या कथेतून आपण वैराग्य आणि जीवदया हे दोन बोध घेतो, ते योग्यच आहे. गृहस्थाने तिच्यातून तिसराही बोध घ्यावा असे मला वाटते. त्या वरातीत असंख्य माणसे होती. वाद्ये होती, हत्ती-घोडे होते. तो आक्रोश सर्वांच्या कानांवर पडत होता. पण त्या दिवशी पूर्ण जागा असलेला एकच मनुष्य होता आणि तो नवरदेव होता. आपल्याच लग्नात काय चालले आहे, हे त्याने पाहिले आणि विचारले. आपल्या मुलामुलींनी संसार सोडावा असे कोणी म्हणत नाही. पण आपल्या विवाहाच्या दिवशी डोळे उघडे ठेवून, काय चालले आहे, कोणासाठी चालले आहे, त्याचा भार कोणावर पडतो आहे, हे पाहण्याचा अधिकार त्यांना आहे. तो अधिकार आपण वडीलधाऱ्यांनी त्यांना दिला पाहिजे.

आता ‘मुहूर्त’ या शब्दाकडे वळू. लग्नाचा मुहूर्त म्हटला, की आपल्या डोळ्यांपुढे घड्याळाचा एक काटा येतो : बारा वाजून सात मिनिटे, अक्षता पडल्या, वाजंत्री वाजली, झाले. आपल्या कालगणनेत मात्र मुहूर्त हा क्षण नव्हे. दोन घटकांचा, म्हणजे ४८ मिनिटांचा तो काळ आहे. अहोरात्रात असे ३० मुहूर्त येतात. श्वेतांबर परंपरेत एका सामायिकाचा काळ हाच, ४८ मिनिटे. दिगंबर परंपरेतही सामायिकाचा काळ घटकांतच मोजतात. तेवढा वेळ श्रावक सर्व व्यवहार बाजूला ठेवून समभावात बसतो. म्हणजे ज्याला आपण मुहूर्त म्हणतो, तो आपल्या धर्मात मुळात स्वस्थ बसण्याचा अवधी आहे.

तीस मुहूर्तांच्या त्या मंगल दिवसातला एकच मुहूर्त वरवधूंना द्यावा, एवढीच माझी मागणी आहे. विधी आटोपल्यावर एका खोलीत दोघांनी बसावे. सोबत कॅमेरा नाही, करवल्या नाहीत, आशीर्वाद देणाऱ्यांची रांग नाही. पाणी प्यावे, चार घास खावेत, नवकार म्हणावा, एकमेकांकडे पाहावे. सात पावले आपण नुकतीच एकत्र टाकली, त्यांचा अर्थ एकमेकांना सांगावा. ४८ मिनिटांनी मंडपात परत यावे. पाहुणे तेवढा वेळ थांबतात. रांगेत उभे राहून यापेक्षा अधिक वेळ थांबण्याची त्यांना सवयच झालेली आहे.

एका कठीण काळाने आपल्याला या बाबतीत काही शिकवले. करोनाच्या साथीत, एप्रिल २०२१ मध्ये महाराष्ट्र शासनाचा आदेश निघाला. त्यानुसार विवाह एकाच सभागृहात, एकूण दोन तासांत आणि जास्तीत जास्त २५ माणसांच्या उपस्थितीत करायचा होता. नियम मोडल्यास ५०,००० रुपये दंड होता. तो काळ दुःखाचा होता. कित्येक घरांनी माणसे गमावली, कित्येक आजी-आजोबांनी नातवंडांचे लग्न फोनच्या पडद्यावर पाहिले. त्या दिवसांचा गौरव करण्याचे कारण नाही. पण त्या वेळी विवाहबद्ध झालेल्या जोडप्यांशी आज बोलून पाहा. मामा-मावश्या नव्हत्या याची खंत ती सांगतात. त्याचबरोबर मंगलाष्टकांचा शब्द न् शब्द ऐकला, आई-वडील यजमानपणाच्या धावपळीत नव्हते तर शेजारी बसले होते, आणि सर्वांनी एका पंगतीत जेवण केले, हेही सांगतात. मंच, रोषणाई, वरात गेली, तरी विवाह उणा झाला नाही. उणीव भासली ती फक्त माणसांची.

यातून एक गोष्ट स्पष्ट होते. लग्नाला माणसे पुष्कळ असावीत की थोडी, हा खरा प्रश्न नव्हे. आलेल्या माणसांची भेट होते की नाही, हा प्रश्न आहे. अमेरिकेतील एमरी विद्यापीठाचे अँड्र्यू फ्रान्सिस आणि ह्यूगो मिआलॉन या अर्थशास्त्रज्ञांनी २०१४ मध्ये तेथील तीन हजारांहून अधिक विवाहित व्यक्तींच्या माहितीचा अभ्यास मांडला. ज्यांच्या लग्नात खर्च फार झाला होता, त्यांचे विवाह तुलनेने कमी टिकलेले दिसले. ज्यांच्या लग्नाला माणसे अधिक आली होती, त्यांचे अधिक टिकलेले दिसले. तो देश वेगळा, तेथील चालीरीती वेगळ्या, आणि अशा आकड्यांवरून कारण आणि परिणाम यांचा निवाडा करता येत नाही. तरीही खर्च थोडा आणि माणसे पुष्कळ, हे वर्णन ऐकले की आपला झावळांचा मांडवच आठवतो.

आता छायाचित्रांविषयी. आपला किनारा सुंदर आहे. तारकर्ली, देवबागचा संगम, समुद्रातला सिंधुदुर्ग किल्ला, येथे लग्नापूर्वीची छायाचित्रे काढून घेण्यासाठी दूरदूरहून जोडपी येतात. २०१९ मध्ये भोपाळमधील काही समाजांनी, त्यांत जैन समाजही होता, अशा ‘प्री-वेडिंग’ चित्रीकरणावर बंदीचा ठराव केला. त्यामागील चिंता मी समजू शकतो. पण ठरावाने मन बदलत नाही, समजुतीने बदलते. तेव्हा समजुतीचे एक उदाहरण देतो. लिंडा हेन्केल या अमेरिकेतील मानसशास्त्रज्ञ विदुषींनी संग्रहालयात नेलेल्या विद्यार्थ्यांवर प्रयोग केला आणि २०१४ मध्ये तो प्रसिद्ध झाला. ज्या वस्तूंची छायाचित्रे काढली, त्या दुसऱ्या दिवशी कमी आठवल्या. ज्या नुसत्या डोळ्यांनी पाहिल्या, त्या अधिक आठवल्या. मात्र ज्यांनी वस्तूच्या एखाद्या भागाकडे कॅमेरा जवळ नेऊन नीट लक्ष दिले, त्यांच्या स्मरणात असा उणेपणा आढळला नाही. म्हणजे दोष यंत्राचा नाही. यंत्र लक्षात ठेवील म्हणून मन निर्धास्त होते आणि पाहायचे सोडून देते.

वरवधूंना माझे सांगणे एवढेच, की छायाचित्रे अवश्य काढू द्या, पण काही गोष्टी केवळ आपल्या डोळ्यांसाठी राखून ठेवा. अंतरपाट दूर होतो तो क्षण. पाठवणीच्या वेळी वडिलांच्या चेहऱ्यावर येणारे भाव. आईने ओटीत घातलेला नारळ. छायाचित्रकाराने ‘पुन्हा एकदा’ म्हटले, तर नम्रपणे नाही म्हणा. अंतरपाट दोनदा दूर होत नसतो.

खर्चाविषयी बोलल्यावाचून हा विषय पूर्ण होणार नाही. आपल्या गृहस्थधर्मात परिग्रह-परिमाण हे अणुव्रत आहे. आपण किती बाळगणार याची मर्यादा आधी ठरवायची आणि मग तिच्या आत राहायचे. लग्नाच्या बाबतीत आपण नेमके उलट करतो : आधी यादी करतो, मग कर्ज काढतो. लग्न कर्जाने झाले असेल, तर त्याच्या हप्त्यांचे सावट पहिल्या वर्षाच्या संसारावर पडते आणि कित्येकदा त्याचा बोल नव्या सुनेला लागतो. दोन्ही घरांनी एकत्र बसून, वरवधूंना सोबत घेऊन, आकडा प्रथम ठरवावा. आपल्यापैकी ज्याची ऐपत मोठी आहे, त्याने तर हे अधिक कटाक्षाने करावे; कारण समाजात थाटाची उंची तोच ठरवत असतो आणि बेताच्या स्थितीतील बंधूला ती गाठण्यासाठी धाप लागते.

या संदर्भात कर्मवीर भाऊराव पाटील यांच्या पत्नी लक्ष्मीबाई यांचे स्मरण होते. कुंभोजच्या जैन घरात जन्मलेल्या भाऊरावांनी १९१९ मध्ये रयत शिक्षण संस्था स्थापन केली आणि साताऱ्याच्या वसतिगृहात सर्व जातींची मुले एकत्र ठेवली. मुलांच्या जेवणाची सोय होईना, तेव्हा लक्ष्मीबाईंनी आपले दागिने दिले आणि अखेरीस मंगळसूत्रही दिले. १९३० मध्ये त्या गेल्या. त्यांच्या लग्नात वाजंत्री किती होती, हे आज कोणाला ठाऊक नाही. त्यांच्या लग्नाचे सोने मात्र गरीब मुलांच्या ताटातील भाकरी झाले, हे महाराष्ट्र विसरलेला नाही. लग्न कसे झाले हे त्या एका दिवसावर ठरत नाही. पुढे त्या दोघांनी काय केले त्यावर ठरते.

कायद्याचीही दृष्टी अशीच आहे. १९५५ चा हिंदू विवाह कायदा आपल्यालाही लागू आहे. जेथे सप्तपदीची रूढी आहे, तेथे सातवे पाऊल पडले की विवाह पूर्ण आणि बंधनकारक होतो, असे त्याचे सातवे कलम सांगते. एप्रिल २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती नागरत्ना आणि न्यायमूर्ती मसीह यांच्या पीठाने एका प्रकरणात बजावले, की विवाह हा नाचगाण्याचा आणि खाण्यापिण्याचा कार्यक्रम नसून तो एक गंभीर संस्कार आहे. मंच, रोषणाई, मेजवानी यांतील एकाही गोष्टीचा उल्लेख कायद्यात नाही. ज्या सात पावलांवर सर्व काही अवलंबून आहे, ती टाकायला पाच मिनिटे लागतात आणि नेमक्या त्याच पाच मिनिटांत सभागृहातील निम्मे लोक जेवणाच्या रांगेत असतात.

बंधु-भगिनींनो, सुवर्णमहोत्सवाच्या वर्षात केवळ उपदेश करून थांबणे बरे नव्हे. म्हणून ट्रस्टपुढे आणि आपणा सर्वांपुढे काही सूचना नम्रपणे ठेवतो.

पहिली सूचना भोजनाची. रात्रिभोजनत्याग हा आपला नियम आहे. आपल्याकडे मे महिन्यात सूर्यास्त सातच्या सुमारास होतो, डिसेंबरात सहाच्या सुमारास. पाहुण्यांसाठी आपण ही वेळ सांभाळतो. वरवधू मात्र मंचावर अडकल्यामुळे कित्येकदा त्यांचीच वेळ टळते आणि व्रत पाळणाऱ्या वधूला त्या दिवशी उपवास घडतो. वरवधूंनी पहिल्या पंगतीत बसावे, अशी रीत घालावी. काळ्या वाटाण्याची आमटी आणि लसणीवाचून केलेली सोलकढी या पहिल्या पंगतीत त्यांच्या पानात गरम पडली, तर यजमानाच्या मानात काही उणे येणार नाही.

दुसरी सूचना भेटींची. मंचावरील रांगेऐवजी वरवधूंनीच पंगतींतून फिरावे आणि ज्येष्ठांना त्यांच्या जागी जाऊन नमस्कार करावा. ज्या आजीला पायऱ्या चढवत नाहीत, तिच्यापर्यंत नातवंड आपण होऊन जाईल.

तिसरी सूचना कारभाराची. कार्याच्या दिवशी वधूवरांच्या आई-वडिलांकडे कोणतीही किल्ली, कोणताही हिशेब असू नये. काका, मामा किंवा आपल्या युवक मंडळातील एखादा कार्यकर्ता यांच्याकडे दिवसभराचा कारभार सोपवावा. मुलीचे लग्न वडिलांनी भटारखान्याच्या दारातून पाहावे, हे योग्य नाही.

चौथी सूचना अर्थाची. सप्तपदीतील वचने मराठीतून, सावकाश, सर्वांना ऐकू जातील अशी सांगावीत. तेवढा वेळ वाद्ये बंद असावीत आणि भोजनाची दारेही बंद असावीत.

आणि शेवटची सूचना त्या एका मुहूर्ताची. आपल्या सभागृहातील एक खोली विधीनंतर ४८ मिनिटे वरवधूंसाठी राखून ठेवावी आणि सभागृहाच्या नियमावलीत तशी नोंद करावी. नियम संस्थेचा असला, की कोणा एका घराला पाहुण्यांपुढे संकोच वाटत नाही. या सूचनेला ट्रस्टचा एक पैसाही लागणार नाही.

ज्यांची लग्ने होऊन गेली, त्यांनी खंत करू नये. हुकलेला मुहूर्त संसारात रोज परत मिळू शकतो. संध्याकाळी दोघांनी एकत्र बसून ४८ मिनिटांचे सामायिक करावे. त्या घाईच्या दिवशी जे बोलायचे राहिले, त्याला लागणारी शांतता तेथे आपोआप तयार होते. ज्यांची लग्ने व्हायची आहेत, त्यांना आपण वडीलधारी मंडळी दागिने देऊ, कपडे देऊ, आशीर्वाद देऊ. त्याबरोबर त्यांचाच दिवस त्यांना देऊ या.